रिद्धपूर : कुलूपबंद अक्षरांपासून विद्यापीठापर्यंत

पांढुर्ण्याहून वरुड-मोर्शीकडे निघालो की रस्त्याच्या दोन्ही अंगांना संत्र्याच्या बागा लागतात. मध्य प्रदेश कुठे संपला आणि महाराष्ट्र कुठे लागला, हे पाटी वाचली तरच कळते. बागा, माती आणि माणसांची बोली तशीच पुढे चालू राहते. याच रस्त्याने पुढे गेले की अमरावती जिल्ह्यातल्या मोर्शी तालुक्यात रिद्धपूर लागते. गाव लहान आहे. पण मराठी गद्यातला पहिला मोठा ग्रंथ या गावात रचला गेला आणि मराठी भाषेचे पहिले विद्यापीठही शासनाने याच गावात काढले. या दोन घटनांमध्ये साडेसातशे वर्षांचे अंतर आहे. या काळात रिद्धपूरची परंपरा ज्या पोथ्यांनी टिकवली, त्यांतल्या पुष्कळ पोथ्या सामान्य माणसाला वाचताच येत नसत. त्या मुद्दाम तशाच लिहिल्या होत्या.

स्मरणिकेत सहसा आपल्या गावातल्या संस्थांचे इतिहास छापतात. रिद्धपूरच्या या संस्थेचा पत्ता आपल्या पांढुर्णा जिल्ह्यातला नाही. तरीही तिच्या इतिहासाला इथे जागा द्यावी असे वाटले, त्याचे कारण लेखाच्या शेवटी सांगितले आहे.

मूळ पुरुष

रिद्धपूरच्या परंपरेचा आरंभ गोविंदप्रभूंपासून होतो. महानुभाव पंथात त्यांना गुंडम राऊळ म्हणतात. जन्म जवळच्याच काटसुरे गावचा. आईवडील लहानपणीच गेले आणि नातेवाइकांनी त्यांना रिद्धपूरला आणून वाढवले. तेराव्या शतकातल्या या पुरुषाच्या लीळा वाचताना आपण एखाद्या स्वप्नात शिरलो आहोत असेच वाटते. राऊळ कुणाच्याही घरात शिरतात, हवे ते उचलून खातात, पोरांमध्ये खेळतात, देवळातल्या देवाशी भांडतात, आपल्याशीच बोलतात आणि हसतात. गावकुसाबाहेरच्या वस्तीतही त्यांचे जाणे-येणे असते. गावातले काही लोक त्यांना वेडे ठरवतात, तर काहींना ते आई आणि बाप दोन्ही वाटतात. कुठल्याही प्रसंगाला आधीचे कारण नाही, नंतरचा निष्कर्ष नाही. स्वप्नात घडते तसे एकामागून एक घडत जाते. लिहिणाऱ्याने मात्र ते कुठल्या ओट्यावर, कुणाच्या अंगणात आणि कोण समोर असताना घडले, हे टिपून ठेवले आहे.

गोविंदप्रभूंचे शिष्य म्हणजे श्रीचक्रधरस्वामी. ते मूळचे गुजरातेतल्या भडोचचे, प्रधानाचे पुत्र, नाव हरपाळदेव. पंथाची श्रद्धा अशी की हरपाळदेवांचा देह चितेवर असताना द्वारावतीच्या चांगदेव राऊळांनी त्यात प्रवेश केला. पुढे रामटेकच्या रामयात्रेचे निमित्त करून ते घरातून निघाले आणि रिद्धपूरला गोविंदप्रभूंना येऊन मिळाले. रामटेक आपल्या भागातल्या माणसाला नवे नाही. ती यात्रा पुरी झाली नाही, पण त्या निमित्ताने एका गुजराती प्रधानपुत्राने मराठी मुलूख आपला मानला आणि तिथल्या बायाबापड्यांशी त्यांच्याच भाषेत बोलायला सुरुवात केली. १२७४ च्या सुमारास चक्रधरस्वामी उत्तरापंथे निघून गेले, आणि शिष्यपरिवार नागदेवाचार्य ऊर्फ भटोबासांच्या नेतृत्वाखाली रिद्धपूरला गोविंदप्रभूंच्या सेवेत राहिला.

या परिवारात बायका पुष्कळ होत्या, आणि त्या नुसत्या श्रोत्या नव्हत्या. गोविंदप्रभूंना एकदा लग्नाची लहर आली, तेव्हा भक्तांनी लग्नाचा सगळा थाट मांडला आणि महदंबेने त्या प्रसंगी कृष्ण-रुक्मिणीच्या विवाहाचे धवळे रचून म्हटले. मराठीतली आद्य कवयित्री म्हणून आपण जिचे नाव घेतो, ती हीच महदाइसा. तिची कविता राजदरबारात जन्मली नाही, रिद्धपूरच्या एका खेळातल्या लग्नात जन्मली.

म्हाइंभटांची साक्ष

मराठी संतवाङ्मयात स्वप्नाचा मान मोठा आहे. तुकोबांना गुरूपदेश स्वप्नात झाला; पांडुरंगाला घेऊन नामदेव त्यांच्या स्वप्नात आले आणि कवित्वाचे काम त्यांच्यावर सोपवून गेले. बहिणाबाईंना तुकोबांचा अनुग्रह स्वप्नातच मिळाला. समर्थांनी आनंदवनभुवन स्वप्नातल्या दर्शनाच्या रूपातच मांडले आहे. कवीच्या अधिकाराला स्वप्नाचा पुरावा पुरत होता, आणि ऐकणाऱ्यालाही त्यापलीकडे काही मागावेसे वाटत नव्हते.

म्हाइंभटांची रीत वेगळी होती. स्वामी गेल्यावर त्यांच्या आठवणींचा ग्रंथ करायचे त्यांनी मनावर घेतले. स्वतः शास्त्री पंडित असूनही स्वामींना त्यांनी बघितले होते ते अगदी थोडे. म्हणून जे पाहणारे-ऐकणारे होते, त्यांच्याकडे ते गेले. कुणी कुठली लीळा पाहिली, कुणाच्या तोंडून ऐकली, ती घडली तेव्हा स्वामी बसले होते की चालत होते, हे विचारून त्यांनी लीळा जमवल्या आणि रिद्धपुरातल्या वाजेश्वरीच्या स्थानी नागदेवाचार्यांसमोर त्यांची शहानिशा केली. १२७८ च्या सुमाराचे हे काम. एकांक, पूर्वार्ध आणि उत्तरार्ध अशा तीन भागांचा ‘लीळाचरित्र’ हा ग्रंथ त्यातून उभा राहिला. आज पत्रकार वा इतिहासकार करतो ते सगळे त्यात आहे: साक्षीदार, ठिकाण, बोललेले शब्द. रोजचे जेवण, बायकांची कुरबूर, वाटेतले गाव, पाऊस या सगळ्यांना त्यात जागा मिळाली, कारण म्हाइंभटांच्या दृष्टीने स्वामींच्या सहवासातली कुठलीच गोष्ट क्षुल्लक नव्हती.

पुढे केशोबासांनी लीळांमधली वचने वेगळी काढून ‘सूत्रपाठ’ रचला आणि दृष्टांत गोळा करून ‘दृष्टांतपाठ’ केला. केशोबास संस्कृतात पारंगत होते. त्यांनी संस्कृतातच विचारायला आणि लिहायला घेतले, तेव्हा नागदेवाचार्यांनी त्यांना थांबवले. माझ्या म्हाताऱ्या यात नागवल्या जातील, अशा अर्थाचे त्यांचे बोलणे ‘स्मृतिस्थळ’ या ग्रंथात नोंदवलेले आहे. मराठीचा अभिमान वगैरे त्या बोलण्यात नव्हता. समोर बसलेल्या बाईला कळले पाहिजे, एवढाच हिशेब होता. संस्थेचे पहिले धोरण म्हणून एखादे वाक्य सांगायचे असेल, तर ते हेच.

हरवलेली पोथी

चौदाव्या शतकाच्या आरंभी दिल्लीच्या फौजा देवगिरीवर येऊ लागल्या. त्या धामधुमीत लीळाचरित्राची मूळ पोथी गेली. पंथात हा प्रसंग ‘खालशाची धाड’ या नावाने सांगतात. मागे राहिली ती पाठ केलेली माणसे. हिराइसेला लीळा मुखोद्गत होत्या. तिच्या आणि इतरांच्या आठवणीतून ग्रंथ पुन्हा लिहिला गेला. वेगवेगळ्या शिष्यांनी तो वेगवेगळा आठवला, म्हणून लीळाचरित्राचे एकाहून अधिक पाठ तयार झाले आणि अभ्यासकांना आजवर पुरलेले काम निर्माण झाले.

आपण आज वाचतो ते लीळाचरित्र म्हणजे आठवणीतून परत आलेला ग्रंथ आहे. पोथी जळते, बुडते, लुटली जाते. पण ती ज्यांनी वाचून पाठ केली, ती माणसे उरली तर ग्रंथ उरतो. या एका धाडीने रिद्धपूरच्या परंपरेला जो धडा दिला, त्यातूनच पुढे पोथ्यांच्या प्रती करण्याचे आणि त्या जपण्याचे तिचे वेड वाढत गेले.

कुलूपबंद अक्षरे

चौदाव्या शतकात रवळोबासांनी ‘सकळ’ लिपी तयार केली असे मानतात. ‘सह्याद्रिवर्णन’ या काव्याचे कर्ते ते हेच. मूळ युक्ती आज शाळेतली मुले चिठ्ठ्या लिहिताना करतात तशीच आहे: एका अक्षराच्या जागी ठरलेले दुसरे अक्षर लिहायचे, काही ठिकाणी अक्षराऐवजी खूण करायची. नियम ठाऊक असलेल्याला पोथी सरळ वाचता येते. इतरांना नागरीच्या वळणाची अक्षरे दिसतात, पण शब्द जुळत नाहीत. सकळ लिपीच्या मागोमाग सुंदरी, पारिमांडल्य, अंक, शून्य, सुभद्रा, वज्र अशा आणखी लिप्या निघाल्या. पंथाच्या आम्नायांनी, म्हणजे शाखांनी, आपापल्या लिप्या वापरल्या. अंकलिपीत अक्षरांच्या जागी आकडे येतात. तिचे पान दुरून पाहिले तर कुणा सावकाराचा जमाखर्च वाटावा.

ही कुलुपे कशासाठी लावली, याबद्दल अभ्यासकांची मते निरनिराळी आहेत. धाडींच्या काळात ग्रंथ वाचवायचा होता, हे एक कारण. स्वामींच्या वचनात एका अक्षराचाही फरक पडू नये, कुणी आपले चार शब्द मध्ये घुसडू नयेत, हे दुसरे. आणि ब्रह्मविद्या ज्याला अधिकार नाही त्याच्या हाती पडू नये, हे तिसरे. तिन्ही कारणे एकत्र असण्यालाही काही हरकत नाही.

परिणाम काय झाला, ते मात्र स्पष्ट दिसते. ज्ञानेश्वरी १२९० ची. ती घरोघर गेली, ज्याने त्याने आपल्या कानाला पटेल तशी म्हटली आणि लिहिली. तीनशे वर्षांत पाठ इतके बदलले की शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, एकनाथांना तिची शुद्ध प्रत तयार करावी लागली. महानुभाव ग्रंथांच्या वाट्याला ती लोकप्रियता आली नाही आणि त्या लोकप्रियतेची झीजही आली नाही. नक्कल करणारा अर्थाच्या ओघात वाहून जाऊ शकत नव्हता. त्याला अक्षर न् अक्षर ताडून लिहावे लागत होते. यादवकाळात माणसे रोजच्या व्यवहारात कशी बोलत, हे आज आपल्याला कळते ते बरेचसे या सावध नकलांमुळे.

या व्यवहाराची किंमतही मोठी होती. पाचशेहून अधिक वर्षे मराठीचा हा पहिला गद्यठेवा मराठी माणसाच्या दृष्टीआड राहिला. अव्वल इंग्रजी काळात मराठी वाङ्मयाचे जे पहिले इतिहास लिहिले गेले, त्यांना लीळाचरित्राचा पत्ता नव्हता. पंथाविषयी गैरसमज पसरले, ते निस्तरायला पुरावा होता तो कुलुपात.

एक पान, जवळून

अशी पोथी कशी असते, ते ज्यांनी पाहिले नसेल त्यांच्यासाठी थोडे सांगतो. आधी बासन. लाल किंवा पिवळ्या कापडाच्या त्या गुंडाळीची दोरी सोडली की वर-खाली दोन लाकडी फळ्या, आणि मध्ये सुटी, आडवी पाने. शिवण नसते, एक पान वाचून झाले की उलटून समोर ठेवायचे. कागद जाड, हातकागद. दोन्ही कडांना उभ्या रेघा मारून समास सोडलेला. अक्षर बोरूचे, काळी शाई आज तपकिरीकडे झुकलेली. शब्दाशब्दांत मोकळी जागा नसते, ओळ सलग जाते, म्हणून साध्या बाळबोध लिपीतली पोथीसुद्धा नवख्याला पहिल्या दिवशी वाचता येत नाही.

मधूनच एखाद्या अक्षरावर पिवळा ठिपका दिसतो. तो हरताळ. लिहिणारा चुकला की खोडत नसे. त्या अक्षरावर हरताळ लावून ते पिवळ्या रंगाखाली बुजवी आणि वर नवे अक्षर लिही. एखाद्याच्या केल्या कामावर हरताळ फासला असे आपण म्हणतो, तो हाच हरताळ. सकळ लिपीच्या पानावरचा हरताळाचा ठिपका पाहिला की लिहिणाऱ्याचा हात डोळ्यांसमोर येतो: त्याने ओळ लिहिली, मूळ प्रतीशी ताडली, चूक सापडली आणि तो थांबला. वाचणारे मूठभरच आहेत हे माहीत असूनही त्याने ती चूक राहू दिली नाही.

शेवटच्या पानावर बहुधा लेखनाचा शक, तिथी आणि लिहिणाऱ्याचे नाव येते, आणि त्यासोबत एक विनंती: पोथी जपा, पाण्यापासून सांभाळा, मूर्खाच्या हाती देऊ नका. आपल्याकडच्या जवळजवळ सगळ्याच जुन्या नकलाकारांनी ही विनंती कुठल्या ना कुठल्या शब्दांत करून ठेवली आहे.

रिद्धपूरच्या पोथ्यांमध्ये आणखी एक जात आहे, तिचा उल्लेख केल्यावाचून पुढे जाववत नाही. ‘स्थानपोथी’त स्वामी जिथे जिथे बसले, निजले, जेवले, त्या जागांची नोंद आहे: देऊळ कुठल्या तोंडाचे, दार कुठे, त्यापासून स्थान कोणत्या दिशेला. आज त्या जागांवर ओटे बांधलेले आहेत आणि भाविक तिथे नमस्कार करतात. याच्या उलट टोकाला नारायण व्यास बहाळिये यांचे ‘रिद्धपूरवर्णन’ काव्य आहे. त्यात हेच लहान गाव कवीच्या डोळ्यांतून दिव्य नगर झाले आहे. एकाच गावाचा एक कागद नकाशासारखा तर दुसरा स्वप्नासारखा, आणि दोन्ही एकाच परंपरेने तेवढ्याच मायेने जपले.

काबूलपर्यंत

या पोथ्यांनी प्रवास किती केला, ते ऐकून आश्चर्य वाटते. महानुभाव साधू उत्तरेत गेले आणि पंजाबात त्यांचा पंथ ‘जयकृष्णी’ या नावाने रुजला; त्यांचे मठ-मंदिरे थेट पेशावर-काबूलपर्यंत होती. तिथल्या पंजाबी अनुयायांनी ग्रंथ मराठीतच ठेवले. धर्माचे ज्ञान हवे असेल तर मराठी शिका, असा सरळ मामला. ज्या काळात मराठे अटकेपार गेल्याची गोष्ट आपण अभिमानाने सांगतो, त्याच मुलखात मराठी अक्षर वाचणारे पंजाबी साधूही बसलेले होते. त्यांना मराठी शिकवायला कुठले सरकार गेले नव्हते. ग्रंथ त्या भाषेत आहे म्हणून त्यांनी ती शिकून घेतली.

किल्ली

विसाव्या शतकाच्या आरंभी कुलूप उघडले. वि. का. राजवाडे आणि ‘महाराष्ट्र सारस्वत’कार वि. ल. भावे यांनी सकळ लिपीची उकल अभ्यासकांपुढे मांडली. पंथातल्या काही महंतांनीही आपली बासने संशोधकांसमोर सोडली. हा निर्णय त्यांच्यासाठी सोपा नव्हता. पिढ्यान्‌पिढ्या जे झाकून ठेवायला शिकवले, ते परक्याला वाचू द्यायचे होते.

यानंतरचे काम मुख्यतः वऱ्हाड-नागपूरच्या माणसांनी केले. यवतमाळच्या य. खु. देशपांड्यांनी शारदाश्रमात पोथ्या गोळा केल्या आणि १९२५ मध्ये ‘महानुभावीय मराठी वाङ्मय’ हे पुस्तक काढून या साहित्याचा पसारा मराठी वाचकाला पहिल्यांदा नीट दाखवला. नागपूरच्या ह. ना. नेने यांनी १९३६ पासून लीळाचरित्र भागाभागाने छापायला घेतले. वा. ना. देशपांड्यांनी ‘स्मृतिस्थळ’ संपादले. शं. गो. तुळपुळ्यांनी यादवकालीन मराठीच्या अभ्यासाला शिस्त लावली. आणि डॉ. वि. भि. कोलते यांनी तर सगळा जन्मच या पोथ्यांना दिला.

कोलत्यांचे नाव आपल्या राज्याशीही जोडलेले आहे. अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन १९६७ साली भोपाळला भरले, त्याचे अध्यक्ष कोलते होते. मध्य प्रदेशच्या राजधानीत मराठी संमेलन आणि अध्यक्षपदी रिद्धपूरच्या पोथ्यांचा संपादक, हा योग आपल्याकडे फारसा कुणाच्या लक्षात राहिलेला नाही. त्यांनी सिद्ध केलेली लीळाचरित्राची प्रत १९७८ मध्ये महाराष्ट्र राज्य साहित्य संस्कृती मंडळाने प्रसिद्ध केली. तिच्यातल्या काही मजकुराला अनुयायांकडून आक्षेप आला आणि वाद न्यायालयापर्यंत गेला. लोकांची श्रद्धा ज्यावर आहे तो ग्रंथ छापून बाजारात आला की असे प्रश्न उठणारच. पण तोवर पोथी बासनातून पुस्तकात आली होती, ती परत आत जाण्यासारखी नव्हती.

परदेशातल्या अभ्यासकांनीही हात लावला. लंडनच्या इयन रेसाइड यांनी १९६० मध्ये महानुभाव ग्रंथांची सूची केली. अ‍ॅन फेल्डहाउस यांनी सूत्रपाठाचा अभ्यास केला, गोविंदप्रभूंचे चरित्र इंग्रजीत नेले, आणि तुळपुळ्यांच्या सोबतीने प्राचीन मराठीचा शब्दकोश तयार केला. तो १९९९ मध्ये निघाला. रिद्धपूरच्या ओट्यावरचे बोलणे आता जगातल्या कुठल्याही ग्रंथालयात वाचता येते.

विद्यापीठ

मराठीचे स्वतंत्र विद्यापीठ असावे आणि ते रिद्धपूरला असावे, ही मागणी जुनी. मार्च २०२३ मध्ये महाराष्ट्राच्या अर्थसंकल्पात तिची घोषणा झाली. रूपरेषा ठरवण्यासाठी डॉ. सदानंद मोरे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली, त्यानंतर विधिमंडळाने कायदा केला, आणि २०२४ मध्ये महानुभाव साहित्याचे अभ्यासक डॉ. अविनाश आवलगावकर पहिले कुलगुरू झाले. त्याच वर्षी ३ ऑक्टोबरला केंद्र सरकारने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा दिला. भाषेचे जुनेपण सिद्ध करायला जे ग्रंथ पुढे ठेवावे लागतात, त्यांत रिद्धपूरच्या ग्रंथांचे स्थान वरचे आहे.

विद्यापीठ म्हटले की इमारती, वसतिगृहे, पदव्या डोळ्यांसमोर येतात, आणि त्या लागतातच. पण रिद्धपूरचे विद्यापीठ पदव्यांच्या आधी सातशे वर्षे चालू होते, असेच हा इतिहास वाचून म्हणावे लागते. म्हाइंभट साक्षी काढीत होते, ते संशोधन. नागदेवाचार्य शहानिशा करीत होते, ते परीक्षण. हिराइसा पाठ ठेवीत होती आणि पुढच्याला सांगत होती, ते अध्यापन. तिथे बाईला, बाहेरून आलेल्याला, गावकुसाबाहेरच्यालाही जागा होती. नव्या विद्यापीठाला एवढी जुनी शिस्त आयती मिळाली आहे. ती पेलणे हे त्याचे पहिले काम.

आपला वाटा

आता आपल्याकडे वळू. १९०३ मध्ये वऱ्हाड मध्य प्रांताला जोडला गेला, तेव्हापासून १९५६ पर्यंत रिद्धपूर, पांढुर्णा आणि सौंसर एकाच प्रांतात होते आणि त्या प्रांताची राजधानी नागपूर होती. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्यांची फेररचना झाली. विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले, छिंदवाडा मध्य प्रदेशात राहिला, आणि आपण छिंदवाड्यासोबत राहिलो. २०२३ च्या ऑक्टोबरात पांढुर्णा आणि सौंसर या दोन तहसिलींचा वेगळा जिल्हा झाला. जिल्हा झाला हे चांगलेच झाले. कचेरी जवळ आली. पण शाळेतली भाषा, अर्जाची भाषा, दुकानावरच्या पाटीची भाषा हिंदीच आहे. घरात मराठी आहे, पोळ्याला आणि गोटमारीला जांब नदीच्या काठी जमणाऱ्या गर्दीत मराठी आहे, जामसावळीच्या हनुमंतापुढे बोललेल्या नवसात मराठी आहे. लिहिण्या-वाचण्यात मात्र ती कमी होत चालली आहे.

आपली आणि हिंदीची अक्षरे एकच आहेत, म्हणून आपल्याला धोका जाणवत नाही. नातू आजोबांचे पत्र अक्षर लावून वाचतो, पण शब्द जुळत नाहीत. कुठलीही गुप्त लिपी न योजता आजोबांचे पत्र त्याच्यापुरते कुलूपबंद झालेले असते. महानुभावांच्या कुलुपाला किल्ली होती आणि ती सांभाळणारी माणसे होती. आपल्या कुलुपाची किल्ली घरातच आहे, फक्त ती कुणी मुलांच्या हातात देत नाही. या स्मरणिकेत या संस्थेला जागा द्यावी असे वाटले, त्याचे कारण हेच.

आपल्या भागात जुन्या घरांच्या माळ्यावर, पेटाऱ्यात, देव्हाऱ्यामागे अजून बासने आहेत. कुठे पंचांगे, कुठे हरिविजय-पांडवप्रताप, कुठे वैद्यकाच्या चोपड्या, कुठे कुणालाही न उलगडणारी पाने. घर पाडून नवे बांधताना ही बासने निघतात आणि घरातली वडीलधारी माणसे पुण्य म्हणून ती जांब किंवा कन्हान नदीत सोडतात. त्यामागचा भाव चांगला असतो. पण बहुतेक पोथ्यांच्या शेवटच्या पानावर लिहिणाऱ्याने पाण्यापासून जप म्हणून हात जोडलेले असतात, हेही ध्यानात ठेवावे.

म्हणून वाचकांना एवढीच विनंती. बासन सापडले तर पाने उन्हात घालू नका, चिकटपट्टी लावू नका, लॅमिनेशन तर मुळीच करू नका. स्वच्छ सुती कापडात बांधा, कोरड्या जागी ठेवा. पाने मोजा, क्रम हलू देऊ नका, दोन्ही बाजूंचे फोटो मोबाइलवर काढा. पहिली ओळ, शेवटची ओळ आणि शक कुठे लिहिला आहे का, ते एका कागदावर उतरवून घ्या. मग ती रिद्धपूरला किंवा नागपूरला जाणत्या माणसाला दाखवा; पोथी देण्याची गरज नाही, दाखवली तरी पुरे. अक्षरे ओळखीची वाटली आणि तरी शब्द लागले नाहीत, तर ती निकामी आहे असे समजू नका. कदाचित तीच सगळ्यात मोलाची असेल.

आणि घरातल्या एका तरी मुलाला मराठी वाचायला शिकवा. बासन सोडल्यावर ते कुणाला तरी वाचता आले पाहिजे.